नवरात्रात गाडीला नावं ठेवू नयेत

बंगळुराच्या चामराजपेटेत सकवारबाईशी हुज्जत घालायची असेल तर माणसाने आधी पोटभर जेवून यावं. बाई साठीच्या पुढची, उंचीने बेताची, पण तोंड असं की भर चौकात आडवा आलेला रिक्षावाला तिची चार कानडी वाक्यं ऐकून स्वतःच मागे सरतो. पाठीमागे उशी घेतल्याशिवाय तिचा पाय ब्रेकपर्यंत पोचत नाही. पदर कमरेला खोचलेला, चष्मा नाकाच्या शेंड्यावर, आणि हॉर्नला हात क्वचितच. हॉर्नचं काम ती काच खाली करून तोंडानेच करते.

घराणं जुनं. पूर्वज केव्हातरी कुठल्याशा फौजेबरोबर इकडे उतरले आणि इथलेच झाले. घरात मराठी, उंबऱ्याबाहेर कानडी, आणि राग आला की दोन्ही एकदम. पुण्याला ती जन्मात एकदाच गेली, एका लग्नाला. तिथल्या बायकांनी तिचं बोलणं ऐकून "तुम्ही मूळच्या कुठल्या?" असं पुन्हा पुन्हा विचारलं, तेव्हापासून पुण्याचं नाव काढलं की हिच्या कपाळाला आठी.

नवरा शंभूराव. दोघांचं पेट्यांचं दुकान होतं. पेटा म्हणजे सत्काराच्या वेळी डोक्यावर ठेवतात तो जरीकाठी म्हैसुरी फेटा. कापड आणणं, गिऱ्हाईक सांभाळणं शंभूरावांकडे, आणि बांधणी सगळी सकवारबाईची. उभ्या जन्मात इतक्या डोक्यांची मापं घेतली की कुणाच्या डोक्यात किती हवा आहे ते लांबूनच कळतं, असं ती म्हणते, आणि त्यात फारसं खोटं नाही. पुढे साखरेच्या आजाराने शंभूरावांची नजर गेली. गाडी दारात उभी आणि चालवणारं कुणी नाही, अशी गत झाली. तेव्हा पन्नाशी ओलांडलेली ही बाई कुणाला न विचारता ड्रायव्हिंग स्कूलला नाव घालून आली. शंभूराव शेजारी बसून डोळे नसताना शिकवायचे, ती त्यांच्यावर चिडायची, आणि गल्लीतले लोक गच्चीवरून तमाशा बघायचे. शिकली मात्र पक्की.

शंभूराव गेले. दुकान आवरलं, पेटे ती घरी बांधू लागली. गाडी विकून टाका म्हणणारे पुष्कळ भेटले, तिने एकाचंही ऐकलं नाही. आणि खरं सांगायचं तर त्या गाडीनेच तिला माणसांत ठेवलं. कसं ते सांगायला हवं.

बंगळुरात नवरात्र म्हणजे गोंबे. घराघरांत पायऱ्या मांडून बाहुल्या बसवतात. संध्याकाळी बायका या घरून त्या घरी जातात, बाहुल्यांचं कौतुक करतात, हळदीकुंकू घेतात, द्रोणातली चण्याची उसळी खातात आणि बाहेर पडल्यावर त्याच बाहुल्यांना नावं ठेवतात. शंभूरावांच्या माघारी पहिलं नवरात्र आलं तेव्हा सकवारबाईने दार लावून घेतलं होतं. विधवेने हळदीकुंकवाच्या घरी जाऊ नये असं कुणी म्हणायच्या आत आपणच घरी बसलेलं बरं, असा तिचा विचार. तेव्हा संयोगिताबाई काठी टेकत तिच्या दारात आल्या. त्या गल्लीत सगळ्यांहून वडील, त्यांचा शब्द कुणी मोडत नाही. त्यांनी फर्मान काढलं की आम्हाला चालवत नाही, तू गाडी काढ, आणि गाडी काढलीस म्हणून ड्रायव्हरासारखी बाहेर बसायचं नाही, आमच्याबरोबर आत यायचं.

तेव्हापासून त्या चौघींचा मेळ जमला. संयोगिताबाई पुढे, आणि मागे गंगव्वा आणि कावेरी. गंगव्वा समोरच्या घरातली, निपाणीकडची, नवऱ्याच्या नोकरीपायी इथे आलेली. तिचं मराठी आणि कानडी एकाच वाक्यात नांदतं. कावेरी मागच्या गल्लीतली, शाळेत शिकवणारी, चौघींत लहान. दाराआड बसलेली सकवारबाई या तिघींमुळे पुन्हा चारचौघींत आली. हे सुख आपल्या हक्काचं नाही, त्यांच्या मर्जीचं आहे, आणि एक दिवस ती मर्जी फिरेल, अशी धास्ती तिला होती. ती कधी बोलली नाही एवढंच.

यंदा नवरात्राच्या आधीपासूनच काहीतरी बिनसलं. बाजाराला निघाली तर गंगव्वा म्हणाली, नको, मी आपली पाय मोकळे करत चालत जाते. रोज संध्याकाळी गुडघ्यांना तेल चोळत कण्हणारी गंगव्वा! कावेरीला एकाएकी मेट्रोचा पुळका आला. संयोगिताबाईंना गाडीत गरगरतं म्हणे. घट बसले, दुसऱ्या माळेला सकवारबाई नवी साडी नेसून किल्ली हातात घेऊन तयार झाली, तर एकीला स्वल्प काम निघालं, दुसरीचं अंग कसकसत होतं, तिसरीने फोनच उचलला नाही. सरी, असू दे, म्हातारपण आहे, होतं असं, म्हणून तिने साडी बदलली आणि पेटे बांधायला बसली.

मग बाल्कनीत कापड वाळत घालायला आली तर खाली रिक्षा उभी. आणि तिघी तिच्यात चढताहेत! जरीच्या साड्या, डोक्यात मोगरा. संयोगिताबाईंची काठी बाहेर राहिली ती गंगव्वाने आत ओढून घेतली. कावेरी कडेला अर्धी बाहेर बसली. रिक्षा निघून गेली आणि तिघींतल्या एकीनेही वर बघितलं नाही.

ओलं कापड हातात तसंच. मग तिला सगळं उलगडलं, म्हणजे उलगडलंय असं वाटलं. पहिल्या वर्षी दया आली, दुसऱ्या वर्षी भीड होती, आता दोन्ही संपलं. सणासुदीला शकुनाच्या घरी जाताना पांढऱ्या कपाळाची बाई बरोबर नको. बाजाराच्या दिवशीही नको. बरोबर आहे त्यांचं, आपणच चार दिवस विसरलो होतो आपण कोण ते. असं म्हणत तिने त्या दिवशी पेटा इतका आवळून बांधला की तो मापाला लहान झाला आणि पुन्हा सोडावा लागला.

आता तुम्ही म्हणाल, सरळ जाऊन विचारायचं की! चौकात रिक्षावाल्याची सात पिढ्यांची चौकशी करणारी बाई ही. पण घरच्यासारख्या माणसांपुढे तिची जीभ उचलेना. विचारलं आणि त्यांनी होय म्हटलं तर? तर पुढे काय उरतं? त्यापेक्षा न विचारलेलं बरं, असं म्हणून ती रोज संध्याकाळी बाल्कनीचं दार लावून घेऊ लागली. रडली नाही. जेवली मात्र अर्धवट.

अष्टमीला तिने ठरवलं की ही गल्लीच नको. आनेकलला धाकटा दीर नागोजी राहतो, त्याच्याकडे दसरा होईपर्यंत राहायचं. आणि जायचं ते चोरून नाही, सगळ्यांच्या डोळ्यांदेखत. भर सकाळी तिने बॅग गाडीत टाकली, दार असं आपटलं की समोरच्या कुत्र्याने मान वर केली, आणि गाडी काढली.

पहिल्याच वळणाला पुढच्या चाकातून खरखर आली. खडा अडकला असेल, या रस्त्यांवर दुसरं काय मिळणार, असं म्हणत तिने रस्ते खणणाऱ्यांचा उद्धार केला. पुढे पुन्हा खरखर, आणि या वेळी ब्रेकवरच्या पायाखाली काहीतरी थरथरलं. तिचं लक्ष कुठे होतं! मनात तिघींशी भांडण चाललेलं. उतारावर सिग्नल लाल झाला, पुढे बस थांबली, हिने नेहमीसारखा ब्रेक दाबला.

गाडी थांबली नाही. म्हणजे वेग कमी झाला, पण थांबायचं नाव नाही. लोखंडावर लोखंड घासत खर्रर्र असा आवाज, पायाला झिणझिण्या, आणि बसची मागची काच जवळ येतेय. सकवारबाईने दोन्ही पाय ब्रेकवर रोवले, उशी सरकली, हाताने हँडब्रेक खेचला. गाडी थांबली तेव्हा तिच्या नाकात आणि बसच्या शेपटीत वीतभर अंतर होतं. मागच्या खिडकीतून एक लहान पोर तिच्याकडे बघून हसत होतं.

मागचे लोक हॉर्न वाजवू लागले. एरवी तिने त्यांची आई-माई काढली असती. आज तिने नुसती काच वर केली. बसच्या जागी रस्ता ओलांडणारी एखादी बाई असती तर? हे पोर असतं तर? आनेकल राहिलं आनेकलच्या जागी. कशीबशी गाडी वळवून, पहिल्या गिअरमध्ये, एक हात हँडब्रेकवर ठेवून ती मुंगीच्या पावलाने गल्लीत परत आली. दारात गाडी लावून खाली उतरली आणि पायरीवरच बसली. देवा, वाचवलंस, एवढंच तिच्या मनात येत होतं. आणि लगेच दुसरं आलं की बरं झालं त्या तिघी गाडीत नव्हत्या. एवढा राग असूनसुद्धा आलं, हे सांगायलाच पाहिजे.

नागराजला फोन केला. नागराज बंगळुरातल्याच शिवाजीनगरचा मेकॅनिक, शंभूरावांच्या काळापासून हीच गाडी बघणारा. त्याने सगळं ऐकून घेतलं आणि एवढंच सांगितलं की अक्का, गाडीला आता हात लावू नका, सकाळी येतो.

सकाळी नवमी. खंडेनवमी म्हणा, आयुधपूजा म्हणा. सगळ्या शहरात गाड्या धुऊन, हार घालून, केळीचे खुंट बांधून उभ्या. नागराज आला तो कपाळाला कुंकू, अंगात इस्त्रीचा शर्ट, आणि हात रिकामे. पाने, जॅक, हातोडी सगळं काल संध्याकाळीच धुऊन देवापुढे मांडलं होतं, आणि पूजेला बसलेलं हत्यार दसऱ्याला उठवल्याशिवाय तो उचलत नाही. त्याच्या वडिलांनी उचललं नाही, तोही उचलणार नाही. सकवारबाईने त्याला काही म्हटलं नाही, कारण आपल्या घरची कात्री आणि सुया तिनेही आदल्या रात्रीच देवापुढे ठेवल्या होत्या.

पण बघायला हत्यार कशाला? त्याने स्टिअरिंग एका बाजूला पूर्ण वळवलं, इस्त्रीच्या शर्टाची पर्वा न करता जमिनीवर टेकला आणि मोबाइलचा उजेड चाकामागे धरला. मग तिलाही वाकून बघायला लावलं. चाकाबरोबर फिरणारी ती चकचकीत तबकडी म्हणजे डिस्क. ब्रेक दाबला की दोन्ही बाजूंनी दोन पॅड तिला चिमटीत धरतात. नव्या पॅडवर मसाला बोटभर जाड असतो, तो घासून घासून झिजतो. तुमचा पार संपलाय, आता मागची लोखंडी पट्टीच डिस्कवर घासतेय, डिस्कवर ओरखडे उठलेत ते बघा. बॉनेट उघडून त्याने ब्रेकच्या तेलाची बाटली दाखवली. तेल खाली गेलं होतं आणि गळती कुठेच नव्हती. पॅड झिजले की तेल असं खाली जातं, वरून भरून काही उपयोग नसतो, असं म्हणाला. त्याने चाकांना विटा लावल्या. यंदा गाडीची पूजा करा, हार घाला, पण चाकाखाली लिंबं ठेवायची नाहीत, कारण लिंबं चिरडायला गाडी पुढे घ्यावी लागते. लिंबं उद्या.

सकवारबाई हे सगळं मान हलवत ऐकत होती. मग नागराज उठून गुडघे झटकत म्हणाला, पण अक्का, ही काल एकदम झालेली गोष्ट नाही. पॅडला एक बारीक पत्र्याची जीभ असते. मसाला संपत आला की ती डिस्कला लागते आणि गाडी किंचाळायला लागते. मुद्दाम तशी केलेली असते, मालकाला कळावं म्हणून. ही गाडी महिनाभर तरी किंचाळत असणार.

सकवारबाई म्हणाली, छे, माझ्या गाडीने हूं की चूं केलं नाही. मी रोज चालवते, मला कळणार नाही? तो म्हणाला, कधीकधी ती जीभ तुटलेलीही असते. पण कसा आवाज ते तुम्हाला माहीत असू द्या, पुढच्या वेळी उपयोगी पडेल. आणि त्याने मोबाइलवर कुठलासा व्हिडिओ लावून तिच्यापुढे धरला. एक चाक फिरत होतं, थांबत होतं, पुन्हा फिरत होतं.

सकवारबाईने थोडा वेळ बघितलं. मग म्हणाली, "आवाज लाव की."

नागराज तिच्याकडे बघत राहिला. त्याने काही उत्तर द्यायच्या आधी समोरच्या घराची खिडकी धाडकन उघडली आणि गंगव्वा कानांवर हात ठेवून ओरडली, "ते बंद करा की आधी! सुरू झाली का परत हिची गाडी?"

नागराजने घाईने मोबाइल बंद केला. सकवारबाईने एकदा त्या काळ्या पडद्याकडे बघितलं, एकदा गंगव्वाच्या खिडकीकडे. मग तिला एकेक आठवू लागलं. कुकरची शिट्टी होत नाही म्हणून ती हल्ली वाफ बघून गॅस बंद करत होती आणि कुकरवाल्याला शिव्या देत होती. यंदा चामराजपेटेत डास राहिले नाहीत असं तिने साऱ्या गल्लीला सांगितलं होतं, आणि लोक आपले दंड खाजवत तिच्याकडे बघत राहिले होते. माणसांचं बोलणं ऐकू येत होतं, बसचा घरघराट ऐकू येत होता, काल लोखंड घासलं तेही ऐकू आलं. जे बारीक, जे उंच, तेवढंच कानातून गेलं होतं. गेलं तेही न सांगता.

गंगव्वा चप्पल न घालताच खाली आली. सकवारबाईने तिचा दंड धरला आणि इतके दिवस गिळलेलं एका दमात विचारलं. "खरं सांग गंगव्वा. मी विधवा म्हणून मला टाळत होता ना तुम्ही?"

गंगव्वाचा चेहरा असा झाला की जणू कुणी थोबाडीत मारली. "कुठनं काढलंस गं हे? कोण म्हणालं?" आणि तिला रडूच फुटलं. रडत रडत, निम्मं मराठी निम्मं कानडी, तिने जे सांगितलं ते असं. गाडी महिनाभर अशी किंचाळत होती की संयोगिताबाई आत बसून रामरक्षा म्हणायच्या. वळणावर हिची गाडी आली की आख्ख्या गल्लीला कळायचं. कुत्री पळायची. आणि ही आपली मजेत चालवतेय! त्यांना वाटलं, हिला ऐकू येतंय आणि तरी ही चालवतेय, म्हणजे शंभूअण्णांच्या गाडीला कुणी हात लावलेला हिला खपत नाही. सांगायचं कसं? कावेरी सांगायला निघाली होती, तिला संयोगिताबाईंनी अडवलं. नवरात्र तोंडावर आलंय, पूजा व्हायच्या आधी गाडीला नावं ठेवू नयेत, गाडीला लागतं. खंडेनवमी होऊ दे, मग मी स्वतः सांगते. तोपर्यंत काही ना काही निमित्त काढा.

घ्या! शहाण्या म्हणाव्यात की काय या बायकांना! गाडीच्या मनाला लागू नये म्हणून माणसाचा जीव टांगणीला. पण त्यांच्या बाजूनेही बघा. गाडीला नावं ठेवायची म्हणजे शंभूअण्णांच्या आठवणीलाच नावं ठेवल्यासारखी, असं त्यांना वाटत होतं. त्या भिडेपोटी तिघीजणी अख्खं नवरात्र एका रिक्षात अंग चोरून बसल्या.

सकवारबाईने सगळं ऐकलं आणि मटकन पायरीवर बसली. तिला हसू आलं. आधी बारीक, मग असं की नागराज घाबरला. "म्हणजे मी फक्त बहिरी झाले होय गं?" ती म्हणाली. "फक्त बहिरी!" हसता हसता डोळ्यांतून धारा लागल्या त्या तिने पदराने पुसल्या. कान जाताहेत हे कळल्यावर एवढी खूश झालेली बाई बंगळुरात दुसरी झाली नसेल. इतके दिवस छातीवर बसलेलं ओझं असं उतरलं की तिला चक्क भूक लागली. तिने नागराजला बसवून घेतलं, तिघांचा उप्पिट्टू, म्हणजे आपला उपमा, केला, आणि गाडीला हार घालताना तिच्या बॉनेटवर हात फिरवून म्हणाली की माफ कर बाई, तू ओरडत होतीस आणि मी तुझं ऐकलं नाही.

दसऱ्याला सकाळी नागराजने देवापुढची हत्यारं उठवली आणि पहिलं काम हेच घेतलं. एकाच चाकाची खरखर असली तरी पॅड दोन्ही बाजूंचे एकदम बदलले. एका बाजूचे नवे आणि दुसऱ्या बाजूचे जुने ठेवले तर ब्रेक दाबल्यावर गाडी एकीकडे ओढते, असं त्याने सांगितलं. उजव्या चाकाची डिस्क फार खरवडली होती, घासून सरळ होण्यातली नव्हती, म्हणून जोडीने दोन्ही नव्या आणल्या. काढलेला पॅड त्याने तिच्या हातावर ठेवला. नुसता पत्रा! याच्या जिवावर आपण उतार उतरत होतो, या विचाराने तिने तो पॅड लगेच परत दिला. पहिले काही दिवस निधानाने, सावकाश चालवा, ब्रेक अलगद आणि लांबून दाबत या, म्हणजे नवा पॅड डिस्कवर नीट बसेल, असं सांगून तो गेला. जाता जाता हलकेच म्हणाला, अक्का, कानाच्या डॉक्टरांकडेही जाऊन या. ती म्हणाली, कावेरीने वेळ घेऊन ठेवली आहे, तिघी बरोबर येताहेत, तू तुझं शिवाजीनगर सांभाळ.

चाकाखाली लिंबं ठेवली, संयोगिताबाईंनी कोहळा उतरवून फोडला, आणि लिंबं चिरडत गाडी बाहेर पडली. संध्याकाळ झाली होती. गोंब्यांचा शेवटचा दिवस, जेवढी घरं राहिली तेवढी आज उरकायची. संयोगिताबाई पुढे, दोघी मागे. पहिल्याच चौकात सकवारबाईने ब्रेक दाबून तिघींना विचारलं की वाजतोय का. तिघींनी नाही म्हटलं. तरी तिने आणखी दोनदा विचारलं. मग मात्र तिची जीभ सुटली. कुणाच्या बाहुल्यांना यंदा रंग लावला नाही, कुणाची उसळी खारट होती, या सगळ्याची तिने चौकशी केली. इतक्या दिवसांचं बोलणं तुंबलं होतं.

बोलता बोलता ती म्हणाली की आता आधी कोपऱ्यावरच्या मोठ्या घरी जाऊ. त्यांचे गोंबे म्हणजे आख्ख्या चामराजपेटेत एक नंबर, शंभूराव असताना तिथे जाणं चुकवत नव्हतो. आपण तिथे गेलोच नाही नंतर, का कोण जाणे. आणि तिने इंडिकेटर लावला.

कावेरी खिडकीतून बाहेर बघू लागली. गंगव्वा हळूच म्हणाली, "तिथं नको अक्का."

"का?"

संयोगिताबाईंनी काठीची मूठ दोन्ही हातांत धरली आणि समोर रस्त्याकडे बघत म्हणाल्या, "पहिल्या वर्षी त्यांनी निरोप पाठवला होता, तुम्ही तिघी या, सकवारला आणू नका. तेव्हापासून आम्हीच त्यांच्या घरी जात नाही."

सकवारबाईने ब्रेक दाबला. गाडी अलगद, निवांत थांबली. दोन वर्षं! दोन वर्षं या तिघींनी तिच्यापायी चामराजपेटेतलं एक घर टाकलं होतं आणि एकीने तोंडातून अवाक्षर काढलं नव्हतं. आणि ती मात्र बाल्कनीचं दार लावून यांच्या मनाचं माप काढत बसली होती. तिला काहीतरी बोलायचं होतं, पण मराठीही सुचेना आणि कानडीही. मागून एकाने हॉर्न वाजवला. तिने चष्मा काढून पुसला आणि इंडिकेटर बंद केला.

संयोगिताबाईंनी तिच्या मांडीवर हात ठेवला. म्हणाल्या, "चल गं. कावेरीच्या घरी उसळी निवतेय."